पाकीट एक, ओळखपत्रं दोन देशांची

अमेरिकेतलं सोशल सिक्युरिटी कार्ड पहिल्यांदा हातात आलं की मराठी माणसाचा विरस होतो. कागदाचा लहानसा तुकडा. त्यावर नाव, नऊ आकडी नंबर आणि सहीसाठी रेघ, संपलं. फोटो नाही, जन्मतारीख नाही, पत्ता नाही. वर सरकारची सूचना, की हे लॅमिनेट करू नका. मार्कशीटपासून आरतीच्या कागदापर्यंत सापडेल ते लॅमिनेट करणाऱ्या घरात माझं लग्न झालंय, त्यामुळे सासूबाईंना हे पटणं शक्यच नव्हतं. "एवढंसंच? अगो, ह्याहून आमच्या पतपेढीचं पासबुक जाड असतं."

तर हे एवढंसं कार्ड, न्यू जर्सीचं ड्रायव्हिंग लायसन्स, थोडे डॉलर, थोडे रुपये आणि माझ्या सासऱ्यांचं, म्हणजे अण्णांचं, आधार कार्ड असा सगळा ऐवज माझ्या नवऱ्याच्या पाकिटात होता. गेल्या मे महिन्यात ते धोपावे आणि दाभोळच्या मध्ये कुठेतरी गेलं. सकाळी शृंगारतळीला बँकेत अण्णांची केवायसी, दुपारी फेरीबोटीनं पलीकडे आतेसासूबाईंकडे, असा बेत होता. दाभोळला उतरून शहाळ्याचे पैसे द्यायला खिशात हात घातला तर खिसा मोकळा. बोटीवरच्या पोरांनी बिचाऱ्यांनी गाड्यांखाली वाकून वाकून शोधलं. खाडीत पडलं की कुणाच्या खिशात गेलं, कळलं नाही. ठाण्यात हरवल्याची नोंद करून आलो.

घरी आल्यावर सगळ्यांना एकच काळजी: आता नवीन कार्ड कसं मिळणार? मला ती काळजी नव्हती. कार्ड मिळतं. सोशल सिक्युरिटीचं दुसरं कार्ड फुकट मिळतं, वर्षाला तीन आणि आयुष्यभरात दहा अशी मर्यादा आहे, बस. लायसन्सची फी भरली की तेही मिळतं. अडचण अशी की नव्या कार्डावर नंबर जुनाच असतो. ज्याच्या हाती पाकीट लागलं त्याच्याकडेही तोच नंबर, आणि अमेरिकेत खरी किंमत नंबरालाच आहे.

हा नंबर मुळात कामगारांच्या पेन्शनचा हिशेब ठेवण्यासाठी काढलेला. १९३५ साली कायदा झाला, १९३६ पासून नंबर द्यायला लागले. १९४६ पासून तर कार्डावर छापतच होते, की हे ओळखपत्र म्हणून वापरू नये. कुणी ऐकलं नाही. १९७२ साली ती ओळ छापणंच बंद केलं. आज नोकरी, बँक, कर्ज, भाड्याचं घर, जिथे जावं तिथे हे नऊ आकडे मागतात. ते आणि जन्मतारीख कुणाला मिळाली की तो तुमच्या नावानं क्रेडिट कार्ड काढू शकतो, कर्ज उचलू शकतो, तुमच्या आधी इन्कम टॅक्सचं रिटर्न भरून रिफंडही घेऊन जाऊ शकतो.

आणि पाकिटाची गोष्ट निघालीच आहे तर ही ऐकाच. १९३८ साली न्यूयॉर्क राज्यातल्या लॉकपोर्ट गावात एक पाकिटं बनवणारी कंपनी होती. नवीन आलेलं सोशल सिक्युरिटी कार्ड आमच्या पाकिटात कसं छान बसतं हे गिऱ्हाइकाला दिसावं म्हणून त्यांनी प्रत्येक पाकिटात एक नमुन्याचं कार्ड घातलं. कार्ड खऱ्याच्या निम्म्या आकाराचं, छपाई लाल, त्यावर 'नमुना' असं ठळक लिहिलेलं. पण नंबर? तो कंपनीतल्या एका साहेबानं आपल्या सेक्रेटरीचा खराखुरा छापून टाकला. पाकिटं वूलवर्थच्या दुकानांतून देशभर खपली, आणि लोकांना वाटलं, पाकिटाबरोबर नंबरही मिळाला! १९४३ साली त्या एका बाईच्या नंबरावर ५,७५५ माणसं काम करत होती. एकूण चाळीस हजारांवर लोकांनी तो नंबर आपला म्हणून लावला. बाईंना शेवटी नवा नंबर द्यावा लागला, तरी १९७७ सालीसुद्धा बारा जण तो जुना वापरत होते. यात लबाड कुणीच नव्हतं, ही त्यातली गंमत.

आताचे लबाड असतात. २०१७ मध्ये एक्विफॅक्स या क्रेडिटची कुंडली ठेवणाऱ्या कंपनीवर हल्ला झाला, तेव्हा जवळजवळ १४ कोटी ७० लाख लोकांची माहिती चोरीला गेली. तेव्हापासून मी धरूनच चालते, की आपला नंबर कुठेतरी बाहेर आहेच. पाकीट हरवल्यावर फक्त त्या धास्तीची धार वाढली.

उपाय एकच आणि तो फुकट आहे: क्रेडिट फ्रीझ. एक्विफॅक्स, एक्स्पेरियन आणि ट्रान्सयुनियन या तीन कंपन्यांकडे जाऊन आपली क्रेडिटची फाईल गोठवायची. फाईल बघता आली नाही की सहसा कुठली बँक नवं कर्ज देत नाही, मग मागणारा खोटा असो की खरा. पूर्वी याला पैसे पडत, सप्टेंबर २०१८ पासून कायद्यानं ते बंद झालं. ऑनलाइन किंवा फोनवरून सांगितलं तर एका कामाच्या दिवसात फ्रीझ लागला पाहिजे, आणि उठवायला सांगितला तर तासाभरात उठला पाहिजे. फक्त एक लक्षात ठेवायचं. फ्रॉड अलर्ट नावाचा जो सौम्य प्रकार आहे तो एकीला सांगितला तर ती बाकीच्या दोघींना कळवते. फ्रीझचं तसं नाही, तिघींचे उंबरे वेगवेगळे झिजवावे लागतात.

हे सगळं गुहागर तालुक्यातल्या आमच्या घरातून करायचं होतं. तिन्हीकडून ओटीपी येणार नवऱ्याच्या अमेरिकन नंबरावर, रोमिंगमध्ये. आणि घरात रेंज शून्य. परसदारी चिऱ्याच्या गडग्यावर, फणसाच्या बुंध्याशी हात वर करून उभं राहिलं की दोन काड्या येतात. वायफायवाला लॅपटॉप पडवीत, फोन गडग्यावर. मी पडवीत आकडे टाकणार, नवरा तिथून ओरडून ओटीपी सांगणार, आणि सासूबाई त्याच्या पायाशी विजेरी धरून उभ्या, कारण फुरशाचे दिवस. "मेल्यांनो, उद्या उजाडल्यावर करा की!" पण चोर काही उजाडायची वाट बघत नाही. चौथा आकडा सात की आठ यावरून आमचं वाजलं, शेजारच्या वाडीतले कुत्रे जागे झाले, पण झोपायच्या आत तिन्ही ठिकाणी फ्रीझ लागला. अमेरिकेच्या टॅक्स खात्याकडून सहा आकडी पिन घेता येतो, तो असला की दुसऱ्याला आपल्या नंबरावर ऑनलाइन रिटर्न भरता येत नाही. ते काम दुसऱ्या दिवशी केलं.

अमेरिकेचं असं एक रात्र नि एका दिवसात आटोपलं. अण्णांच्या आधारला मात्र वेळ लागला.

पहिलं आधार २९ सप्टेंबर २०१० ला आपल्याच राज्यात दिलं गेलं, नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली गावात. आमच्या गावात पुढे शाळेत कॅम्प लागला होता. तेव्हा अण्णांकडे मोबाईल नव्हता, म्हणून मुंबईच्या पुतण्याचा नंबर दिला. पुतण्यानं तो नंबर केव्हाच सोडला. बंद झालेला नंबर कंपनी नव्वद दिवसांनंतर दुसऱ्या गिऱ्हाइकाला देऊ शकते, म्हणजे आमच्या अण्णांच्या आधारचा ओटीपी आता कुणाच्या फोनवर टिंग करत असेल ते देवाला ठाऊक. माझ्या मते हरवलेल्या कार्डापेक्षा हे जास्त भयंकर होतं. कार्ड तर आधारला न जोडलेल्या मोबाईल नंबरावरूनही मागवता येतं, प्लास्टिकचं पीव्हीसी कार्ड स्पीडपोस्टानं घरी येतं, आणि डाउनलोड केलेलं ई-आधार कायद्यानं तेवढंच चालतं. पण आधारला कुलूप घालायचं तर ओटीपी आपल्याच हातात यायला हवा.

मग अण्णांना घेऊन आधार केंद्रावर गेलो. सासूबाईही आल्या, "माझाही नंबर बघा गो" म्हणत. अण्णांचं बोट लागेना. पुसलं, धुतलं, ऑपरेटर मुलानं आपल्या रुमालानं कोरडं केलं, तरी नाही. जन्मभर नारळ सोलले, चिरे उचलले, रेषा राहिल्यात कुठे? सासूबाईंचं त्याहून वाईट. मार्च-एप्रिलभर ओले काजूगर सोलले होते, त्या चिकानं बोटांची सालं निघालेली, खालची गुलाबी कातडी वर आलेली. मुलगा म्हणाला, "आजी, काजूवाल्यांचं असंच होतं, तुमचे डोळे घेतो." डोळ्यांनी काम झालं. बाहेर पडताना त्या म्हणाल्या, "बरं झालं, मोतीबिंदूचं ऑपरेशन आधीच करून घेतलं ते."

नंबर बदलल्यावर पहिलं काम म्हणजे बायोमेट्रिक लॉक. गावात बँकमित्राकडे आधार नंबर सांगून अंगठा टेकवला की पैसे मिळतात, त्याला ओटीपी लागत नाही. सोय मोठी, पण नोंदणीच्या दस्तांवरचे अंगठे उचलून त्यांचे सिलिकॉनचे ठसे बनवून खाती साफ केल्याचे प्रकार देशात झालेत. लॉक केलं की ठसा चालत नाही, गरज पडेल तेव्हा थोडा वेळ उघडता येतं. नाहीतरी अण्णांचा ठसा मशीनला लागत नाहीच, पण खोटा कदाचित खऱ्यापेक्षा चांगला उमटायचा!

मग संचार साथी या सरकारी साइटवर अण्णांच्या नावावर सिमकार्डं किती ते पाहिलं. एक नंबर ओळखीचा नव्हता, तो 'माझा नाही' म्हणून कळवला. आणि दोन हेल्पलाइन त्यांना पाठ करायला लावल्या: आधारची १९४७, सायबर फसवणुकीची १९३०. एकेकाळचे इतिहासाचे मास्तर ते, लगेच म्हणाले, "एक स्वातंत्र्य नि एक शिरोड्याचा मिठाचा सत्याग्रह. विसरतोय कशाला!"

आता ज्यासाठी हे खरं लिहायला घेतलं ते. आपल्या किनाऱ्यावर ओळख चोरणाऱ्याला बँकेतल्या चार पैशांत रस कमी. त्याला हवी जमीन. सातबाऱ्यावर वीस नावं, त्यातली पाच वारलेली, सहा मुंबईत, दोन आमच्यासारखी सातासमुद्रापार, घराला कुलूप. समुद्र दिसणाऱ्या जागेचा भाव वाढला, तसे तोतया मालक उभा करून, खोटं आधार दाखवून खरेदीखत केल्याच्या बातम्या अधूनमधून येतात. दस्त झाल्यावर फेरफाराची, म्हणजे सातबाऱ्यावरचं नाव बदलण्याची, नोटीस निघते, हरकत घ्यायला पंधरा दिवस असतात. ती नोटीस कुठे येणार? त्याच बंद घराच्या दारात, जिथे कोळिष्टकं लटकतायत.

पण महाभूमी या राज्याच्या जमीन-नोंदींच्या साइटवर 'आपली चावडी' म्हणून डिजिटल नोटीस बोर्ड आहे. जिल्हा, तालुका, गाव निवडलं की चालू फेरफार दिसतात, न्यू जर्सीतल्या एडिसनमधल्या स्वयंपाकघरात बसूनसुद्धा. सातबाराही बघता येतो, आणि नोंदणी खात्याच्या ई-सर्चवर झालेल्या दस्तांची इंडेक्स टू, म्हणजे दस्ताचा गोषवारा, शोधता येते. परदेशात राहणाऱ्या प्रत्येक कोकण्यानं दर महिन्याला हे बघावं असं माझं ठाम मत आहे, आणि तुमच्यापैकी जे गावात आहात त्यांनी शेजारच्या बंद घराचंही बघावं.

एक राहिलंच. आमच्या शेजाऱ्यांचा होमस्टे आहे. पाहुणे बुकिंगच्या वेळी व्हॉट्सॲपवर आधारचे फोटो पाठवतात. त्यांच्या फोनची गॅलरी मी पाहिली: शुभ सकाळचे गुलाब, सुरमईचं ताट, नातवाचा वाढदिवस आणि मध्ये मध्ये पुण्या-कोल्हापूरच्या अनोळखी माणसांची आधारं, समोरून मागून, दोन-तीन वर्षांची. माणूस अत्यंत सरळ, पण फोन नातवाच्या हातात असतो. मी म्हटलं, "काका, शेवटचे चारच आकडे दिसणारं मास्क्ड आधार मागा ना." त्यांना असं काही असतं हेच माहीत नव्हतं. पाहुण्यांनाही नसावं. ज्यांना माहीत असतं ते ई-आधारची पीडीएफ पाठवतात, आणि तिचा पासवर्ड म्हणजे नावाची पहिली चार अक्षरं नि जन्मसाल, म्हणजे किल्ली कुलपालाच लटकवून दिल्यासारखं. पडवीत बसून आम्ही ते फोटो काढून टाकले. चहाचे दोन कप झाले.

न्यू जर्सीला परतल्यावर नवरा पासपोर्ट घेऊन सोशल सिक्युरिटीच्या ऑफिसात गेला, पुढे कार्ड टपालानं आलं. ते आता घरातल्या तिजोरीत असतं, खिशात नाही. महिन्याभरानं हप्त्यावर फोन घ्यायला गेला तर दुकानातल्या मुलानं मान हलवली: तुमचं क्रेडिट दिसत नाही. नवरा चिडला, मी खूश झाले. फ्रीझ चोख काम करत होता. कुठल्या कंपनीकडे चौकशी केली ते त्या मुलाला विचारलं, तेवढ्या एकीकडचा फ्रीझ एका दिवसापुरता उठवला, फोन घेतला. तारीख उलटली की तो आपोआप परत लागतो.

अण्णांचा फोन दर एक तारखेला येतो. तब्येत, पाऊस, आंब्याचा मोहोर, आणि मग: "चावडी बघितलीस का या महिन्याची?"