महोब्यात राखी उद्या असते

तिकिटं मी काढली होती. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं कुणी मेहुण्याला बोल लावायला नको. या प्रवासात त्याला पुरेशी नावं ठेवून झाली आहेत, आणि त्यातलं एक तर खरोखरचं नाव होतं.

बुंदेलखंडात जायचं खूळ डोक्यात शिरलं ते बाजीरावामुळं. लहानपणापासून ऐकलेली गोष्ट: म्हातारा छत्रसाल, त्याच्यावर चालून आलेला मोगल सुभेदार महंमदखान बंगश, गजेंद्रमोक्षाचा दाखला देऊन पाठवलेलं आर्जव, आणि १७२९च्या मार्चात थेट महोब्याजवळ येऊन थडकलेला पेशवा. पुढं बंगश जैतपूरच्या गढीत कोंडला गेला आणि छत्रसालानं बाजीरावाला मुलगा मानून राज्याचा जवळजवळ तिसरा हिस्सा दिला. हे जैतपूर आज महोबा जिल्ह्यात येतं, झाशी-माणिकपूर मार्गावर, स्टेशनाचं नाव बेलाताल. एवढं कळल्यावर मला राहवेना. जातोच आहोत तर महोब्याचा कजली मेळाही बघू, तो राखीच्या वेळी भरतो असं वाचलं होतं. भिंतीवरच्या कॅलेंडरात नारळी पौर्णिमा पाहिली. दोन दिवस आधी पोचायचं, पौर्णिमेच्या रात्रीच्या गाडीनं परत फिरायचं. मेळा काय, दिवसाउजेडी बघून होईल.

मेहुणा आला तो रजा शिल्लक होती म्हणून. त्याच्या बहिणीनं, म्हणजे आमच्या सौभाग्यवतींनी, राखी एका पाकिटात घालून माझ्या हवाली केली. "पौर्णिमेला आठवणीनं बांधा त्याला. आणि फोटो पाठवा."

जैतपूर एका दुपारी उरकलं. तलाव मात्र देखणा, पावसानं तुडुंब. काठाच्या गढीवर झाडं माजलेली, भिंती कुठं आहेत नि कुठं नाहीत ते जवळ गेल्यावर कळतं. मी उगाच एका बुरुजावर हात ठेवून उभा राहिलो. शेळ्या चारणाऱ्या एका पोरानं विचारलं, काय बघायला आलात? म्हटलं, बाजीराव. तो म्हणाला, "पिक्चर वाले?" मेहुणा इतका हसला की शेळ्या पांगल्या. मी छत्रसाल, बंगश सगळं सांगायला घेतलं. पोरगं सभ्य होतं, ऐकत उभं राहिलं; पण मी थांबल्यावर त्यानं ज्या सुटकेनं शेळ्यांकडे पाहिलं ते मला समजलं.

महोब्यातल्या लॉजबद्दल एवढंच सांगतो की खिडकी होती आणि ती बंद होत नव्हती. रात्रभर गिट्टीचे ट्रक उशाशी.

पौर्णिमेच्या सकाळी आंघोळी करून, नवे शर्ट घालून आम्ही कीरत सागरावर गेलो. चंदेल राजांनी या गावाभोवती तलावच तलाव बांधून ठेवलेत, राहिल्य सागर, मदन सागर, आणि कीर्तिवर्म्याच्या नावाचा हा. मेळा इथंच भरतो. पोचलो तर काठावर पाळण्याचे लोखंडी खांब आडवे पडलेले, चार माणसं ताडपत्री ओढत होती, आणि बारीक पाऊस. एक चहाची टपरी तेवढी उघडी.

"मेला?" मी विचारलं.

"मेला तौ कल है," चहावाला म्हणाला.

"पण राखी तर आज आहे ना?"

"आज तुमाई है. हमाई कल."

मी तिकिटाची तारीख मोबाइलवर दोनदा बघितली, जणू ती बदलणार होती. मेहुणा काही बोलला नाही. हे न बोलणं त्याला फार चांगलं जमतं.

बाकावर एक म्हातारेबुवा बसले होते, खांद्यावर गमछा, पायांत प्लॅस्टिकच्या चपला, सगळे त्यांना दद्दा म्हणत होते. ते म्हणाले, "काय भैया, कहाँ सें आए?" मेहुण्यानं कान टवकारले. "दाजी, हे 'काय' म्हणाले!" म्हणाले खरे. बुंदेलीत 'काय' आहे, आणि होकाराला 'हओ' आहे, तोही असा लांबवलेला की आपल्या कोकणातला हो वाटावा. पुण्याहून आलो म्हटल्यावर टपरीतल्या एका तरुणानं मोबाइलमधून डोकं वर काढलं. "मराठे? चौथ लेने आए हो?" सगळे हसले. मीही हसलो, पण जरा उशिरा. बाजीराव मदतीला आला एवढंच आम्ही पाठ केलेलं असतं; पुढं सागर-जालौनाकडे आमचे मामलेदार किती वर्षं वसूल गोळा करत बसले होते, ते पाठ करायला कुणी सांगत नाही. सारवासारव म्हणून मी झाशीच्या राणीचं नाव काढलं. तांब्यांची लेक, नेवाळकरांची सून, म्हणजे आमचीच. दद्दांनी शांतपणे सांगितलं, "रानी तौ हमाई है." त्यावर वाद घालण्यासारखा त्यांचा आवाज नव्हता.

मग मी विचारलं, राखी एक दिवस उशिरा का? आणि इथून पुढं दोन तास गेले.

गोष्ट थोडक्यात अशी. महोब्याचा राजा परमाल. त्याच्या पदरी बनाफर घराण्यातले दोन भाऊ, आल्हा आणि ऊदल. परमालाची राणी मल्हना, तिचा भाऊ माहिल, उरईचा. या माहिलनं कान भरून दोघा भावांना महोब्यातून हाकलून लावलं. ते कनौजला जयचंदाकडे गेले. इकडं वीर नाहीत हे पाहून दिल्लीच्या पृथ्वीराज चौहानानं ऐन राखीला महोब्याला वेढा घातला. राजकन्या चंद्रावल आणि तिच्या सख्यांना कजली, म्हणजे घरात पेरून वाढवलेले धान्याचे कोंब, शिरवायला तलावावर जाता येईना. राणीनं भाट जगनिकाला कनौजला धाडलं, भाऊ रुसवा सोडून जोग्यांच्या वेशात आले, या कीरत सागराच्या काठी लढाई झाली आणि दिल्लीवाले मागं हटले. तोवर पौर्णिमा उलटून गेली होती. म्हणून कजली दुसऱ्या दिवशी, राखीही दुसऱ्या दिवशी, आणि तेव्हापासून तसंच.

"पृथ्वीराज म्हणजे घोरीशी लढलेला तोच?" मेहुण्यानं मला हळूच विचारलं. तोच. आमच्या लेखी तो आंधळा होऊनही बाण मारणारा वीर. इथं तो सणासुदीला बायकांची वाट अडवणारा. आणि फितुरीसाठी देशभर ज्याचं नाव शिवीसारखं वापरतात तो जयचंद इथं आश्रय देणारा यजमान. मी हे दद्दांना बोलून दाखवलं. त्यांना त्यात काही नवल वाटलं नाही. गद्दार तो माहिल. इकडं कळ लावणाऱ्या माणसाला अजूनही माहिलच म्हणतात. "तुमाए इते को है?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, सूर्याजी पिसाळ. इतिहासकार त्याच्याबद्दल काय म्हणतात ते निराळं, पण नाव चिकटलं ते चिकटलं. दद्दांनी 'पिसाळ, पिसाळ' असं दोनदा म्हणून पाहिलं, लक्षात ठेवायला.

तेवढ्यात चहावाल्यानं मेहुण्याकडे बोट केलं. "जे को हैं तुमाए?"

"साला," मी म्हटलं. हिंदीत दुसरा शब्द सुचला नाही.

टपरीत क्षणभर शांतता, मग असा हशा की ताडपत्रीवाले चौघे बघायला आले. राजाचा साला! म्हणजे माहिल भए! त्या घटकेपासून मेहुण्याचं नाव माहिल पडलं. माहिलला चहा द्या, माहिलला बाकावर जागा द्या. तो आधी हसला, मग वैतागला, तिसऱ्या चहाला हाक आल्यावर आपणहून 'हओ' म्हणाला.

दद्दा काही पेशानं अल्हैत, म्हणजे आल्हा-ऊदलांची गाथा गाणारे, नव्हते. खरे अल्हैत ढोलकीवर गातात, सावनात शेताची कामं मंदावली की गावोगाव बसतात, आणि आल्हा ऐकून माणसं हातघाईवर येतात असं म्हणतात. दद्दांकडे ढोलकी नव्हती, बिस्किटांचा रिकामा पत्र्याचा डबा होता. तो त्यांनी मांडीत घेतला, दोन बोटांनी ठेका धरला, आणि ज्या घशातून आतापर्यंत खोकलाच जास्त येत होता त्यातून जे निघालं त्यानं माझ्या अंगावर काटा आला. आपल्या पोवाड्यात शाहीर थांबतो, झीलकरी 'जी जी' करतात, ऐकणाऱ्याला श्वास मिळतो. यात तसं काही नाही. ओळ निघते, मध्यावर चढते, खाली आपटते न आपटते तोच दुसरी निघालेली. मला निम्मे शब्द कळत नव्हते. पण जोग्यांनी भगवी वस्त्रं टाकून तलवारी उपसल्या ती जागा कळली, कारण मघाचं चौथवालं पोरगं, ज्यानं हे जन्मभर ऐकलं असणार, मोबाइल उलटा ठेवून पुढं सरकून बसलं होतं. दद्दांच्या डाव्या हाताच्या करंगळीला नख नव्हतं, आणि डब्यावर ती एकच करंगळी आवाज न करता आपटत होती. ते मी का बघत बसलो कोण जाणे, पण आता आल्हा म्हटलं की तीच दिसते.

मी पुढचं विचारलं, बैरागढची लढाई, जिथं ऊदल पडतो. दद्दांनी डबा खाली ठेवला. "त्योहार में नईं."

आल्हा तर मेलाच नाही. मैहरच्या डोंगरावर शारदामातेची पहाटेची पहिली पूजा आजही तोच करून जातो, दार उघडतं तेव्हा ताजं फूल वाहिलेलं असतं. टपरीतल्या सगळ्यांना हे ठाऊक होतं, एकानं तर मैहरच्या शेकडो पायऱ्या दरवर्षी चढतो म्हणून सांगितलं.

आणि मग मी तो आगाऊपणा केला जो करायला नको होता. ललितपूर जिल्ह्यात मदनपूरला ११८२ सालचा पृथ्वीराजाचा शिलालेख आहे, परमर्दीचा, म्हणजे या परमालाचा, मुलूख लुटल्याचा. त्यात आल्हा-ऊदलांचं नाव नाही. आणि परमाल त्यानंतरही वीस वर्षं राज्य करून होता, कालिंजर कुतुबुद्दीन ऐबकानं घेईपर्यंत. जगनिकाचं मूळ काव्यही हाती नाही. १८६०च्या दशकात चार्ल्स इलियट नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं फर्रुखाबादेत अल्हैतांकडून ऐकून उतरवून घेतलं, तोवर सगळं तोंडोतोंडी. हे सगळं मी मोडक्या हिंदीत, पण बऱ्याच आत्मविश्वासानं सांगितलं. जैतपूरच्या पोरासारखेच दद्दा सभ्यपणे ऐकत होते.

"लूटो तौ हतो न?" ते म्हणाले.

"हो. लुटलं होतं."

"तौ फिर."

चहावाल्याच्या आईनं आत बोलावून कजली दाखवली. खोलीच्या अंधाऱ्या कोपऱ्यात पानांच्या द्रोणांत माती, आणि तीत नागपंचमीला पेरलेल्या धान्याचे कोंब, उजेड न लागल्यानं पिवळेधमक, वीतभर वाढलेले. आपल्या घटातलंच धान, दसऱ्याला टोपीत खोचतात ते. इथं ते तलावात शिरवायचं, थोडं राखून एकमेकांना द्यायचं. मी त्यांना म्हटलं, आमच्याकडे असंच. त्या म्हणाल्या, "तौ कल रुको." काल-परवा आलात आणि आज निघालात, हे काय येणं झालं?

इथं मी ठाम राहिलो, आणि त्याचं मला आजही वाईट वाटतं. मेहुणा म्हणत होता, दाजी, राहू या, जनरलनं जाऊ. मी म्हटलं, राखीच्या गर्दीत जनरलनं? माझी कंबर? रजेचं काय? कारणं सगळी खरी होती. आठशे वर्षं गाव ज्या एका दिवसासाठी थांबतं, तो मी कंबरेसाठी सोडला. आपल्या पंचांगात श्रावण निम्मा उरलेला असतो, यांचा सावन याच पौर्णिमेला संपतो, एवढं माहीत असूनही महोब्याची तारीख महोब्यात विचारावी हे मला सुचलं नव्हतं.

जाताना मी पाकीट काढलं. म्हटलं, राखी तरी इथंच बांधू, तलावाकाठी, फोटो बरा येईल. मेहुण्यानं हात पुढं केला होता. दद्दा म्हणाले, "माहिल ने एक बेर त्योहार बिगारो. अब तौ रुक जाव." मेहुण्यानं हात मागं घेतला.

पानवाल्याकडून देशावरी पानं बांधून घेतली. २०२१ साली त्यांना भौगोलिक मानांकन मिळालंय, हे पानवाल्यानं न विचारता सांगितलं. पान इतकं करकरीत की चघळावं लागत नाही, तोंडात मोडतं. घरी पोचेपर्यंत निम्मी काळी पडली.

गाडी दीड तास उशिरा आली. तोवर बायकोचे तीन फोन. बांधली का? नाही? पौर्णिमा संपते ना! मी म्हटलं, इथं पद्धत वेगळी आहे. ती म्हणाली, तुम्ही तिथले कधीपासून झालात? फोन मेहुण्याकडे दिला, त्यानं रेंज नसल्यासारखं 'हॅलो, हॅलो' केलं आणि ठेवून दिला.

बेलाताल कधी मागं गेलं कळलंच नाही, बाजीरावासकट. हरपालपूरच्या पुढं कुठंतरी वरच्या बर्थवरून एक हात खाली लोंबला. "दाजी. बारा वाजून गेले."

मोबाइलचा उजेड दातांत धरून मी गाठ मारली. गाडी हलत होती, दोनदा सुटली. फोटोत नुसता अंगठा आणि काहीतरी लाल आलं, तोच पाठवला. बायको जागीच होती. लगेच उत्तर: "आता? राखी काल होती!"

मेहुण्यानं माझ्या हातातून मोबाइल घेतला आणि बराच वेळ खुडबुड करून टाइप केलं: "हमाई आज है."