तुम्ही विचारलंत म्हणून: बेटावर एकटा माणूस जगतो कसा?

बेटावर एकट्या अडकलेल्या खलाशांचा विषय निघाला की पहिला प्रश्न ठरलेला: चार-चार वर्षं हा माणूस खात काय होता? मागोमाग दुसरा: आपल्यावर वेळ आली तर सोबत काय असावं? दोन्हींचं उत्तर अलेक्झांडर सेल्कर्कच्या हकिकतीत सापडतं. त्याला सोडवणाऱ्या वुड्स रॉजर्स या कप्तानानं खिळ्या-सुतळीपर्यंतचे तपशील लिहून ठेवलेत.

सेल्कर्क स्कॉटलंडचा. १७०४ साली ‘सिंक पोर्ट्स’ जहाज आता टिकत नाही, बुडणार, असं म्हणत तो कप्तान स्ट्रॅडलिंगशी भांडला आणि चिलीच्या किनाऱ्यापासून सुमारे ६७० किलोमीटरवर, हुआन फर्नांडेस बेटांपैकी एकावर उतरला. उतरताच पस्तावला, पण कप्तान परत घेईना. (जहाज पुढे खरंच बुडालं.) जवळ कपडे, अंथरूण, बंदूक, गोळ्या, थोडी तंबाखू, कुऱ्हाड, सुरी, किटली, बायबल आणि नौकानयनाची उपकरणं. बंदुकीची दारू फक्त एक पौंड, म्हणजे अर्धा किलोसुद्धा नाही.

खाण्याची ददात नव्हती, आणि त्याचं श्रेय आधी येऊन गेलेल्यांना. शेळ्या स्पॅनिशांनी सोडलेल्या. सलगम आधीच्या खलाशांनी पेरलेले, ते कित्येक एकर माजले होते. माडाच्या जातीच्या एका झाडाचा कोवळा शेंडा भाजीला. समुद्रात मासे मुबलक, पण मिठावाचून खाल्ले की जुलाब. म्हणून शेवंडी तेवढ्या खायचा, कधी उकडून, कधी भाजून. बाकी शेळीचं मटण आणि त्याचा रस्सा. पाव नाही, मीठ नाही. सुरुवातीला दुःखानं आणि या अळणीपणानं त्याला घास जात नव्हता, अगदीच भूक असह्य झाली तर खायचा.

दारू संपत आल्यावर खरी अडचण सुरू झाली. बंदूक निकामी, आणि ठिणगीवर चटकन पेटणारी वस्तूही गेली. मग पिमेंटो नावाच्या सुवासिक झाडाच्या दोन काटक्या गुडघ्यावर धरून एकमेकींवर घासायच्या. यज्ञात अरणी घुसळतात तिथलंच तत्त्व: घर्षणानं लाकडाचा भुगा निघतो, तो काळा पडून धुमसतो, मग तो कोरड्या गवतात घेऊन फुंकायचा. लाकूड ओलं असेल किंवा हात मध्येच थांबला, तर तापलेलं निवतं आणि पुन्हा पहिल्यापासून. हेच लाकूड स्वच्छ जळायचं, त्यामुळे चूल आणि दिवा दोन्ही त्याच्यावर भागायचं.

शेळ्या तो पळून धरू लागला. अशाच एका पाठलागात झुडपांनी झाकलेल्या कड्यावरून शेळीसकट खाली गेला. एक दिवस निपचित पडून होता, शुद्धीवर आला तेव्हा शेळी अंगाखाली मेलेली. मैलभर सरपटत झोपडीत पोचला आणि दहा दिवस हलला नाही. अशा आजारपणाची तरतूद म्हणून तो करडं लहान असतानाच त्यांचे पाय किंचित अधू करून ठेवायचा: जगतील, पण वेगानं पळणार नाहीत. क्रूर वाटेल, पण हिशेब पक्का. त्याच्या मोजणीनं त्यानं ५०० शेळ्या मारल्या आणि जवळपास तितक्याच धरून, कानावर खूण करून सोडल्या.

झोपड्या दोन, गवतानं शाकारलेल्या, आतून शेळीचं कातडं. लहानीत स्वयंपाक, मोठीत झोप. झोपेत उंदीर पाय कुरतडायचे. त्यावर त्यानं मटण टाकून मांजरांना लळा लावला. ही दोन्ही जनावरंही जहाजांतूनच आलेली.

आता दुसऱ्या प्रश्नाकडे. माझं उत्तर: लोखंड. सुरी पाठीपर्यंत झिजली तेव्हा किनाऱ्यावर पडलेल्या पिंपांच्या लोखंडी पट्ट्या ठोकून पातळ केल्या, दगडावर घासल्या आणि नव्या सुऱ्या झाल्या. सुई नव्हती, खिळा होता. कातड्याचे कपडे कातड्याच्याच वाद्यांनी, म्हणजे बारीक पट्ट्यांनी शिवले. जवळच्या कापडाचे सदरे शिवताना जुने मोजे उसवून त्यांची लोकर दोरा म्हणून वापरली.

याहून कसबी माणूस याच बेटावर त्याआधी राहून गेला होता. मध्य अमेरिकेतल्या मिस्किटो जमातीचा विल. १६८१ मध्ये तो रानात शेळ्यांमागे असताना स्पॅनिश जहाजं दिसली आणि साथीदार त्याला सोडून पळाले. दारू संपल्यावर त्यानं सुरीला दाते पाडून करवत केली, बंदुकीची नळी तापवून कापली, दगडांनी ठोकून त्यातून भाले, गळ आणि लांब सुरी घडवली. गळाची दोरी सीलच्या कातड्याच्या वाद्यांची. १६८४ मध्ये त्याला नेलं तोवर तो सुखरूप होता. सेल्कर्कचं नाव जगभर झालं, विलचं मात्र फारसं कुणाला ठाऊक नाही, हा अन्यायच.

सेल्कर्कची सुटका २ फेब्रुवारी १७०९ रोजी झाली, चार वर्षं चार महिन्यांनी. त्याआधी आलेल्या स्पॅनिशांनी त्याच्यावर गोळ्या झाडल्या होत्या. तो झाडावर लपून वाचला होता. रॉजर्सच्या जहाजांवर स्कर्व्हीचे, म्हणजे ताज्या अन्नाअभावी होणाऱ्या आजाराचे, रोगी होते; सेल्कर्कनं त्यांच्यासाठी रोज दोन-तीन शेळ्या धरून आणल्या. बोलताना मात्र त्याचे शब्द अर्धेच उमटायचे. जोडे दिले, तर पाय सुजले.