कॅमेऱ्याच्या आधी लाइट बघा

भोसरीला आमच्या वर्कशॉपमध्ये फायनल इन्स्पेक्शनला कॅमेरा बसवला तेव्हा पहिले पंधरा दिवस मला धड झोप नव्हती. सकाळी सगळं व्यवस्थित चालायचं आणि दुपारचे साडेतीन-चार वाजले की चांगले जॉब (म्हणजे तयार झालेले पार्ट) धडाधड रिजेक्टच्या बिनमध्ये, सेटिंग बदललं, लेन्स बदलली, सप्लायरला तीनदा बोलावलं, शेवटी एकदा वर बघितलं तर छतात एक पारदर्शक पत्रा आणि त्यातून नेमकं त्याच वेळेला ऊन कन्व्हेअरवर उतरतंय. मग काळा हूड केला, लाल एलईडी आणि लेन्सवर फक्त लाल प्रकाश आत सोडणारा फिल्टर लावला, तेव्हा कुठे थांबलं.

म्हणून मला कोणी मशीन व्हिजनबद्दल, म्हणजे कॅमेऱ्याने जॉब तपासण्याबद्दल, विचारलं की मी आधी लाइटचंच बोलतो. मेगापिक्सेलचं गणित सोपं आहे, ५ मेगापिक्सेलच्या कॅमेऱ्यात आडवे साधारण २४४८ पिक्सेल, समोर ५० मिमीचा जॉब, म्हणजे एका पिक्सेलला ०.०२ मिमी, आणि डिफेक्ट तीन-चार पिक्सेल तरी व्यापत असेल तरच मी त्यावर भरवसा ठेवतो. पण लाइट चुकला तर ते पिक्सेल काय कामाचे!

आमच्या इन्स्पेक्शनच्या ताई जॉब उचलला की ट्यूबलाइटखाली किंचित तिरका करून फिरवतात, कितीतरी वर्षं. तसं केलं की सपाट भाग काळा पडतो आणि ओरखडा चमकून उठतो. लाइट जॉबच्या जवळजवळ पातळीवर आणून आडवा टाकला की कॅमेऱ्यालाही अगदी तेच दिसतं, याला डार्क फील्ड म्हणतात. चकचकीत गोल जॉबला डोम लाइट, म्हणजे घुमटातून सगळीकडून येणारा मऊ प्रकाश, भोकाचा साइज मोजायचा तर मागून बॅकलाइट.

तशी ही टेक्नॉलॉजी आजची नाही. सीसीडी सेन्सर, म्हणजे कॅमेऱ्यात प्रकाशाचं विजेच्या सिग्नलमध्ये रूपांतर करणारी चिप, १९६९ ला अमेरिकेत बेल लॅब्समध्ये बॉइल आणि स्मिथ यांनी शोधला, त्याचं नोबेल २००९ ला मिळालं. आपण किराणा दुकानात ‘सॉर्टेक्स’ तांदूळ मागतो ना, ते मुळात इंग्लंडच्या सॉर्टिंग मशीनचं नाव, दाणा पडता पडता त्याचा रंग बघायचा आणि डागाळलेला असला की हवेच्या फटक्याने बाजूला उडवायचा. २०१२ नंतर डीप लर्निंगने, म्हणजे उदाहरणं बघून कॉम्प्युटरने स्वतः शिकायच्या पद्धतीने, जोर धरला आणि प्रत्येक डिफेक्टचा नियम लिहीत बसण्याऐवजी ओके आणि एनजी (नॉट गुड, म्हणजे खराब) जॉबचे फोटो दाखवून शिकवता यायला लागलं.

आमच्याकडे ते फोटो ताईंनीच वेगळे करून दिले, त्यांच्याशिवाय ते जमलंच नसतं आणि हे मी मॅनेजमेंटलाही स्पष्ट सांगितलंय. तेलाचा थेंब आणि गंजाचा बारीक ठिपका यात कॅमेरा अजूनही गोंधळतो. तसे जॉब पिवळ्या ट्रेमध्ये येतात, ताई फडक्याने पुसतात, तिरका धरून बघतात आणि ठरवतात.