गल्ल्यामागचा नकाशा

माझं खताचं दुकान आहे. गल्ल्याच्या मागे, औषधांच्या कपाटाशेजारी भिंतीवर एका बेटाचा नकाशा लावलाय. सुपर फॉस्फेटच्या गोण्या टेम्पोत चढेपर्यंत माणसं उभी असतात, नजर तिकडे जाते आणि विचारतात, "काका, हा कुठला नकाशा?" मी सांगतो, "बनाबा. पॅसिफिक महासागरात, विषुववृत्ताला अगदी लागून." पुढचा प्रश्न ठरलेला: "तिथं आपलं कोण असतं?"

आपलं कोणी नसतं. तेवढ्यात गोण्या चढतात, बिल होतं आणि उत्तर अर्धंच राहतं. गेल्या आठवड्यात एक तरुण शेतकरी मात्र हलायलाच तयार नव्हता. "खताच्या दुकानात या बेटाचं काय काम, ते सांगा," म्हणाला. तुम्ही सगळ्यांनी विचारलंत म्हणून आता नीट बसून लिहितोय.

गोणीपासूनच सुरुवात करतो. सिंगल सुपर फॉस्फेटच्या गोणीवर १६ टक्के स्फुरद, ११ टक्के गंधक असं छापलेलं असतं. नत्र हवेतून ओढून कारखान्यात बनवता येतं. स्फुरदाचं, म्हणजे फॉस्फरसचं, तसं नाही, ते खडकातूनच काढावं लागतं. फॉस्फेटचा खडक खणायचा, दळायचा, त्यावर गंधकाचं आम्ल टाकायचं, की सुपर तयार. म्हणजे आपण शेतात जी राखाडी दाणेदार पूड फेकतो, ती कुठल्या तरी गावची जमीन असते. आपल्याकडे येणारा खडक राजस्थानातून, जॉर्डनमधून, मोरोक्कोतून येतो. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडला तो कित्येक दशकं नाउरू आणि बनाबा या दोन बेटांनी पुरवला.

ऑस्ट्रेलियाची माती फार जुनी आहे. लाखो वर्षांच्या पावसावाऱ्याने तिच्यातलं स्फुरद निघून गेलंय. सुपर पडलं नाही तर गव्हाला जोर नाही आणि मेंढ्यांना पोटभर चारा नाही. १८९९ साली सिडनीतल्या एका कंपनीच्या कचेरीत आल्बर्ट एलिस नावाच्या माणसाचं लक्ष एका दगडाकडे गेलं. दार आपटू नये म्हणून तो दगड दाराला लावून ठेवलेला होता. नाउरूहून आणलेला, आणि सगळे त्याला दगड झालेलं जुनं लाकूड समजत होते. एलिसने तो तपासून घेतला, तर उत्तम प्रतीचं फॉस्फेट निघालं. नाउरू तेव्हा जर्मनांच्या ताब्यात होतं. तिथून तीनेकशे किलोमीटरवर बनाबा होतं, आणि तिथे अजून कोणाचा अंमल नव्हता. ३ मे १९०० रोजी एलिस बनाबावर उतरला आणि त्याच दिवशी करार झाला.

तो करार मी कितीतरी वेळा डोळ्यांखालून घातलाय. बेटावरचं सगळं फॉस्फेट काढून नेण्याचा हक्क, मुदत ९९९ वर्षं. मोबदला वर्षाला ५० पौंड, किंवा तेवढ्या किमतीचा माल. नऊशे नव्व्याण्णव वर्षं! ज्यांनी त्यावर खुणा केल्या, त्यांना सगळ्या बेटाच्या वतीने सही करण्याचा अधिकारही नव्हता. बनाबावर जमिनीचा तुकडा न तुकडा ज्याच्या त्याच्या कुटुंबाचा होता, गावाच्या मुखियाने देऊन टाकावा असा नव्हता.

आणि बेट ते केवढं? साडेसहा चौरस किलोमीटरसुद्धा नाही. नदी नाही, ओढा नाही. पाणी जमिनीखालच्या गुहांमध्ये साठायचं आणि त्या गुहांत फक्त बायकांनी उतरायचं. अंधारात, अरुंद वाटेने सरपटत खाली जायचं, करवंट्यांत पाणी भरून वर आणायचं. १८७०च्या दशकात पाऊस सलग दडी मारून बसला तेव्हा निम्म्याहून जास्त माणसं मेली किंवा बेट सोडून गेली. जी तगली, ती त्या गुहांच्या आधाराने. त्यांच्या भाषेत 'अबा' असा एक शब्द आहे. त्याचा अर्थ जमीनही होतो आणि त्या जमिनीची माणसंही. आपल्याकडे आबा म्हणजे आजोबा. हा शब्द पहिल्यांदा कळला तेव्हा मी बराच वेळ तसाच बसून राहिलो.

कारण माझ्या आजोबांचं गाव धरणाखाली गेलंय. उन्हाळ्यात पाणी उतरलं की देवळाच्या जोत्याचे दगड दिसतात, ते दाखवायला आजोबा आम्हाला न्यायचे. पण त्यांची माती निदान तिथेच आहे, पाण्याखाली. बनाबाची माती जहाजात भरून नेली. प्रवाळाच्या खडकाच्या सुळक्यांमधल्या खोबणींत फॉस्फेट भरलेलं होतं. ते खरवडून काढलं की मागे उरतात नुसते उंच, टोकदार, राखाडी सुळके. तिथे झाड लागत नाही आणि धड चालताही येत नाही. बेटाचा सुमारे ९० टक्के पृष्ठभाग असा झाला. ऐंशी वर्षांत दोन कोटी टन माल गेला. आपल्या ५० किलोच्या गोण्यांत मांडला तर ४० कोटी गोण्या.

लोक गप्प बसले नव्हते. १९२०च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी आणखी जमीन द्यायला साफ नकार दिला. तेव्हा तिथला ब्रिटिश अधिकारी आर्थर ग्रिंबल याने गावाला धमकीचं पत्र पाठवलं आणि मग जमीन सक्तीने घेण्यात आली. यंत्रं आली तेव्हा बायका आपापल्या झाडांना मिठ्या मारून उभ्या राहिल्या. आपण चिपको शाळेत शिकलो. हे त्याच्या चाळीसएक वर्षं आधीचं.

१९४२ साली जपानी आले आणि त्यांनी बनाबाच्या लोकांना वेगवेगळ्या बेटांवर हलवलं. युद्ध संपल्यावर लोकांना वाटलं, आता घरी जायचं. त्यांना सांगण्यात आलं की घरं पडलीत, तिथे राहता येणार नाही. आणि त्यांना फिजीतल्या राम्बी बेटावर नेलं, दोन हजार किलोमीटरहून लांब. लिहिताना रबी लिहितात, म्हणताना राम्बी. हे बेट ब्रिटिश सरकारने युद्धातच विकत घेऊन ठेवलं होतं, तेही बनाबावाल्यांच्याच फॉस्फेटच्या पैशातून. १५ डिसेंबर १९४५ रोजी सुमारे हजार माणसं तिथे उतरली, ऐन वादळाच्या मोसमात. राहायला लष्करी तंबू, खायला दोन महिन्यांचा शिधा. इकडे बनाबावर खाण पुन्हा सुरू झाली. आता तिथे आडवं यायला कोणी नव्हतं.

नाउरूचं एवढंच सांगतो की ते १९६८ साली स्वतंत्र झालं आणि १९७०मध्ये खाणी त्यांच्या हातात आल्या. त्या पैशातून त्यांनी मेलबर्नमध्ये ५२ मजली इमारत बांधली. पुढे फॉस्फेट सरलं, पैसा गेला, इमारतही विकावी लागली. त्यावर पुष्कळ लिहिलं गेलंय. पण नाउरूचे लोक आपल्या बेटावर आहेत. १९६०च्या दशकात त्यांना ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्याजवळच्या एका बेटावर हलवायचं घाटत होतं, ते त्यांनी नाकारलं. बनाबावाल्यांचं तसं झालं नाही.

बनाबावाले लंडनच्या कोर्टात गेले. खटला दोनशेहून जास्त दिवस चालला. न्यायाधीश मेगारी स्वतः बनाबा आणि राम्बी ही दोन्ही बेटं बघून आले. १९७६च्या निकालात त्यांनी ब्रिटिश सरकारच्या वागण्यावर ताशेरे ओढले, पण सरकारवर कायद्याने बंधनकारक अशी विश्वस्ताची जबाबदारी होती, हे म्हणणं काही मान्य केलं नाही. पुढे ब्रिटन, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडच्या सरकारांनी एक कोटी ऑस्ट्रेलियन डॉलर देऊ केले, भरपाई म्हणून नाही, सानुग्रह म्हणून. सानुग्रह हा शब्द आपल्याकडच्या धरणग्रस्तांना वेगळा समजावून सांगावा लागत नाही. १९७९ साली खाण बंद झाली. त्याच वर्षी किरिबाती हा बेटांचा देश स्वतंत्र झाला आणि बनाबा त्यात गेलं. राम्बीवरचे लोक आज फिजीचे नागरिक आहेत, तरी किरिबातीच्या संसदेत त्यांच्यासाठी एक जागा राखून ठेवलेली आहे. खुद्द बनाबावर आज तीनशेच्या आसपास माणसं राहतात. २०२३ साली एका ऑस्ट्रेलियन कंपनीने तिथे पुन्हा खणायचा विचार मांडला, तेव्हा राम्बीवरून त्याला कडाडून विरोध झाला.

त्या तरुणाने शेवटी विचारलं, "मग आपण सुपर टाकूच नये का?" टाकावं की. माती तपासून, लागेल तेवढं टाकावं. मीच विकतो आणि विकणार आहे. आपल्या गोणीत बनाबाचा एक कणही नाही. पण ही पूड हातात घेतली की ती कुठून तरी खणून आणलीय, हे मला ठाऊक असतं, आणि गिऱ्हाइकालाही ठाऊक असावं असं वाटतं.

बनाबावर चार गावं होती: उमा, तबियांग, तब्वेवा, बुआकोनिकाई. राम्बीवर उतरल्यावर त्या माणसांनी तिथेही चारच गावं वसवली आणि त्यांना हीच चार नावं दिली. माझ्या आजोबांची नवी वसाहतही जुन्याच गावाच्या नावाने आहे. नकाशावर ही नावं निळ्या शाईने मी स्वतः लिहिलीत. पुढच्या वेळी गोण्या चढेपर्यंत जरा जवळ जाऊन बघा, अक्षर बारीक आहे पण वाचता येतं.