बटण न दाबणारे

निवृत्त झाल्यापासून भिशीत, लग्नाच्या पंगतीत, एकदा तर डेंटिस्टच्या खुर्चीतसुद्धा मला हाच प्रश्न आलाय. "ठाण्याच्या कोर्टात स्टेनो होतात ना? मग खुनी, हुंड्यासाठी बायका जाळणारे, सगळे जवळून बघितले असतील. कसे दिसतात हो?"

इस्त्रीचा शर्ट घालून येतात, असं मी सांगते. विचारणाऱ्याचा विरस होतो.

पण खरंच तसे येतात. जामिनावर असतील तर वकिलाने बजावलेलं असतं, दाढी करून ये. जेलमधून आणलं असेल तर आई डबा घेऊन आलेली असते आणि दोन घास खाऊ द्या म्हणून हवालदाराच्या विनवण्या करत असते. पुढची तारीख गणपतीत नको, गावी जायचंय, अशी विनंती मी खुनाच्या आरोपीकडून ऐकली आहे. मेलेला माणूस त्याच्याच भावकीतला होता.

साक्षीपुरावा संपला की आरोपीचा जबाब घेतात. आमच्या वेळी तो '३१३ चा जबाब'. फौजदारी प्रक्रिया संहितेतलं ते कलम; १ जुलै २०२४ पासून नव्या संहितेत तो कलम ३५१ मध्ये गेला. त्याला शपथ नसते. अमुक साक्षीदार असं सांगतो, तुमचं काय म्हणणं, असा एकेक प्रश्न साहेब विचारतात आणि उत्तरं ठरलेली असतात: 'खोटे आहे', 'माहीत नाही'. ती इतक्यांदा टाइप केली की प्रश्न संपायच्या आधीच माझी बोटं तिथे जाऊन बसायची. शेवटी विचारतात, आणखी काही सांगायचंय? तिथे मात्र मी कान टवकारायचे. आता तरी हा सांगेल, का केलं ते.

कोणी सांगितलं नाही. बहुतेक जण 'मला खोट्या केसमध्ये गुंतवलंय' वर थांबायचे. जे त्याच्या पुढे बोलले ते स्वतःवर झालेल्या अन्यायाबद्दल बोलले. बायको भाजून मेली होती असा एकजण म्हणाला, "साहेब, दिवाळसणाला अंगठी कबूल केली होती. दिलीच नाही. सासूने मला कधी जावयाचा मान दिला नाही." त्याचा वकील हाताने 'गप्प बस' म्हणून खुणा करत होता. याचं थांबेना, गळा दाटून आला होता. नाटक वाटलं नाही मला. त्याच्या हिशेबात त्या खटल्यातला पीडित तोच होता.

पुढे कधीतरी आइकमानच्या खटल्याबद्दल वाचलं. लाखो ज्यूंना मृत्यूच्या छावण्यांकडे नेणाऱ्या गाड्यांची व्यवस्था पाहणारा नाझी अधिकारी. १९६१ मध्ये जेरुसलेमच्या कोर्टात त्याला काचेच्या पेटीत बसवलं होतं. दोषी ठरल्यावर त्याने सांगितलं की लोक समजतात तसा राक्षस मी नाही, मी एका गैरसमजाचा बळी आहे. मला ती अंगठी आठवली. दोन गुन्ह्यांची बरोबरी करण्याचा मूर्खपणा मी करणार नाही. सूर मात्र ओळखीचा होता.

आरोपींबद्दल एवढं पुरे. माझ्या डोक्यात राहिलेत ते दुसरेच लोक.

त्याच भाजलेल्या बाईच्या केसमधली शेजारीण घ्या. दोन खोल्यांमध्ये एकच भिंत. पोलिसांकडे तिने जबाब दिला होता की रोज रात्री मारहाणीचा आवाज यायचा, त्या दिवशी किंकाळीही ऐकली. कोर्टात उभी राहिली आणि म्हणाली, मी टीव्ही बघत होते, मला काही माहीत नाही. सरकारी वकिलांनी तिला फितूर जाहीर केलं आणि उलटतपास सुरू केला. मग नेहमीची वाक्यं. 'अ' अशी खूण केलेला मजकूर मी सांगितलेला नाही. पोलिसांनी तो कसा लिहिला याचे कारण मी सांगू शकत नाही. असे म्हणणे खरे नाही की, मी आरोपीला वाचवण्यासाठी खोटी साक्ष देत आहे. टाइप करताना मी तिच्याकडे बघितलं. ती माझ्या मशीनकडे बघत होती.

तिला लोभ नव्हता, मत्सर नव्हता. आपल्याकडे षड्रिपू सहा मोजलेत, त्यात भीती नाही आणि सोयही नाही; मी मशीनमागून पाहिलं ते बहुतेक या दोघींच्या पोटी. नळावर रोज आरोपीच्याच घरची माणसं उभी असणार. तिला तिथेच राहायचं होतं. साक्षीदार संरक्षण योजना सर्वोच्च न्यायालयाने मंजूर केली ती २०१८ मध्ये, आणि ती झाली म्हणून चाळीच्या नळावर काय फरक पडतो? मी तिला माफ करते का, असं माझ्या भाचीने विचारलं होतं. माफ करणारी मी कोण? भिंतीपलीकडे मी नव्हते मेले.

मिलग्रम नावाच्या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाचा प्रयोग पुष्कळांना माहीत असतो. आइकमानचा खटला चालू होता त्याच वर्षी, येल विद्यापीठात. भाग घेणाऱ्याला सांगायचं: शब्दांच्या जोड्या आठवताना समोरचा चुकला की त्याला विजेचा झटका द्या, दर चुकीला वाढवत न्या. झटके खोटे, किंचाळणारा माणूसही नट. तरी ४० पैकी २६ जण ४५० व्होल्टपर्यंत गेले. हा आकडा सगळीकडे सांगतात. त्याच मालिकेतला दुसरा प्रकार फारसा कोणी सांगत नाही. त्यात बटण दाबायचं काम दुसऱ्याकडे दिलं होतं, भाग घेणाऱ्याने फक्त शब्दांच्या जोड्या वाचून दाखवायच्या. ४० पैकी ३७ जण शेवटपर्यंत बसून राहिले. प्रयोगावर पुढे बरीच टीका झाली, काहींना झटके खोटे असल्याचा संशय आला होता म्हणतात. असेल. मला त्या ३७ वर विश्वास ठेवायला प्रयोगशाळा लागत नाही. कोऱ्या पंचनाम्यावर सही करून 'मी वाचला नाही' सांगणारे पंच मी ढिगाने बघितलेत.

ठाण्याजवळच्या शिळफाट्याची इमारत पडली ती ४ एप्रिल २०१३ च्या संध्याकाळी. ७४ माणसं गेली, त्यात लहान मुलं कितीतरी. परवानगी नसलेली इमारत, महिन्या-दोन महिन्यांत मजल्यावर मजला चढवलेला, वर काम चालू आणि खाली बिऱ्हाडं राहायला आलेली. बिल्डरांबरोबर महापालिकेचे अधिकारी आणि पोलीसही अटकेत गेले. ते वाचताना माझं मन अटक न झालेल्यांकडे जात होतं. अशी इमारत लपवता येत नाही. सिमेंटची गाडी रस्त्यावरूनच येते. कोणीतरी वाळू टाकली, कोणीतरी वायर ओढली, कोणीतरी रोज शेजारून जाताना मान वर करून बघितलं आणि म्हणालं, लई पटापट चाललंय. यातल्या कोणाला मुलं मारायची होती? एकालाही नाही. बटण दुसऱ्याकडे होतं.

इथे व्हॉट्सॅपवर हमखास येणारं वाक्य येतं: 'आपण सगळेच दोषी आहोत.' ते मला मुळीच पटत नाही. सगळे दोषी म्हटलं की काडी लावणारा गर्दीत मिसळून जातो. शेजारणीने रॉकेल ओतलं नव्हतं. ज्याने ओतलं त्याचं नाव फायलीवर पहिलं हवं, आणि शिक्षाही त्यालाच हवी. मला म्हणायचंय ते एवढंच की त्याची भीती मला कमी वाटते. तसा माणूस हजारात एखादा. त्याला वाट करून देणारे मात्र लोकलच्या डब्यात माझ्या आजूबाजूला बसलेले असतात, एकमेकींना चौथी सीट देतात, शेंगदाणे वाटतात, चांगल्या असतात.

मिलग्रमचा आणखी एक आकडा. शेजारी बसलेल्या दोघांनी, तेही आधी पढवलेले, 'आम्ही नाही करणार' म्हणून हात काढून घेतले, तेव्हा ४५० पर्यंत गेले ४० पैकी फक्त ४.

त्या केसमध्ये शेजारणीनंतर एक रिक्षावाला उभा राहिला. बाईला त्यानेच सिव्हिलला नेलं होतं. वाटेत ती काय बोलली ते त्याने सरळ सांगितलं, नवऱ्याचं नाव घेऊन. बचावाच्या वकिलांनी तासभर पिळलं. तुमचं आरोपीशी भाड्यावरून भांडण होतं ना? नाही. पोलिसांनी पढवलं ना? नाही. मग एवढ्या गर्दीत शब्दन् शब्द कसा ऐकू आला? "रिक्षा लहान असते साहेब."

त्याच्यानंतरचा साक्षीदार वरच्या मजल्यावरचा. सकाळी बाहेर व्हरांड्यात आरोपीच्या भावाबरोबर चहा पिताना मी त्याला बघितलं होतं, त्यामुळे बोटं 'फितूर'साठी तयारच होती. त्याने अर्धं सांगितलं. मारहाण कधी बघितली नाही म्हणाला, पण किंकाळी ऐकली म्हणाला. वकिलांनी दोनदा विचारलं तरी किंकाळीवरून हलला नाही. रिक्षावाला तेव्हा पट्टेवाल्याला विचारत होता, साक्षीदाराचा भत्ता आज मिळतो की परत यावं लागतं, कारण दुपारची शिफ्ट बुडाली होती.