तुम्ही विचारलंत म्हणून : वेळेविषयी बोलणे हे माझे काम कसे झाले

व्याख्यान संपून चहा हातात आला की कोणीतरी हा प्रश्न विचारतेच. मागे चिपळूणला एका निवृत्त मुख्याध्यापकांनी तो फार नेमक्या शब्दांत विचारला होता. “मॅडम, वेळेचे नियोजन शिकवणे हा कोणाचा पूर्णवेळ व्यवसाय असू शकतो, हे मला अजून पटत नाही. तुम्ही याकडे वळलात कशा? आणि रत्नागिरीत राहून त्यावर घर चालते का?” परतीच्या एसटीची वेळ झाली होती, त्यामुळे मी त्यांना दोन वाक्यांत काहीतरी उत्तर दिले. ते उत्तर अपुरे होते याची रुखरुख राहिली, म्हणून आता सविस्तर लिहिते आहे.

माझे आजोळ शास्त्री नदीच्या खाडीकाठी, जयगडच्या बरेच आत आहे. मामा होडीचे तांडेल होते. आमच्या धक्क्याला ओहोटीच्या वेळी पाणी उरत नसे, होडी चिखलात बसत असे, आणि भरतीचे पाणी चढेल तेव्हाच ती निघत किंवा लागत असे. मामांच्या मनगटावर घड्याळ नव्हते, पण भिंतीवर कालनिर्णय होते आणि त्यांना कोकणातल्या प्रत्येक दर्यावर्दी घराला ठाऊक असलेला हिशोब ठाऊक होता : तिथीची पाऊणपट करावी, तितक्या वाजता पूर्ण भरती. पंचमी असेल तर पावणेचार, अष्टमी असेल तर सहा, एकादशीला सव्वाआठ. खाडीखाडीप्रमाणे थोडे मागेपुढे धरावे लागते, पण हिशोब हाच.

पुढे बऱ्याच वर्षांनी मी हा हिशोब कागदावर मांडून पाहिला, तेव्हा त्यातली एक गोष्ट लक्षात आली आणि ती माझ्या साऱ्या कामाच्या मुळाशी आहे असे मी मानते. तीस तिथींच्या महिन्यात भरती बरोबर एक दिवस मागे पडते, म्हणजे एका तिथीमागे ४८ मिनिटे. पाऊण तास म्हणजे ४५. दर तिथीला तीन मिनिटे कमी धरली जातात आणि पंधरवड्याच्या शेवटी ही चूक पाऊण तासाची होते. मात्र पौर्णिमेला किंवा अमावास्येला नवी मोजणी सुरू होते आणि चूक पुढच्या पंधरवड्यात जात नाही. शिवाय ती चूक नेहमी एकाच बाजूची असते. हिशोबाची भरती खऱ्या भरतीच्या आधी येते, त्यामुळे त्यावर विसंबलेला माणूस धक्क्यावर थोडा वेळ विडी ओढत बसतो, पण त्याचे पाणी चुकत नाही. मामांना मी लहानपणी एकदा म्हटले होते की तुमचा हिशोब चुकला, आपण अर्धा तास आधी आलो. ते म्हणाले, “बाय, आधी आलो तर चुकलो नाय. मागनं आलो असतो तर चुकलो असतो.”

तेव्हा ते मला कळले नाही. ते कळायला मला एका आंबा कॅनिंगच्या कारखान्यात नोकरी करावी लागली.

पदवी झाल्यावर मी तिथे लेखनिक म्हणून लागले आणि तिसऱ्या हंगामात उत्पादनाचे वेळापत्रक करण्याचे काम माझ्याकडे आले. कॅनिंगचा आंबा म्हणजे पेटीत न जाणारा, किलोवर विकला जाणारा आंबा. तो क्रेटमधून येतो, अढीत पिकतो, आणि मे महिन्याच्या उकाड्यात एकदा पिकला की फार दिवस वाट पाहत नाही. त्या वर्षी मेच्या तिसऱ्या आठवड्यात २० टन आंबा एकाच वेळी पिकायला आला. पल्परची, म्हणजे आंब्याचा रस काढणाऱ्या यंत्राची, क्षमता दिवसाला पाच टनांची होती, म्हणून मी कागदावर चार दिवस लिहिले आणि खाली सही केली. आंबा कापणाऱ्या बायकांच्या मुकादम मावशींनी तो कागद पाहिला आणि “ताई, सहा दिवस जातील” एवढेच म्हटले. मी त्यांना पल्परची क्षमता समजावून सांगितली.

क्षमतेचा आकडा बरोबर होता. पण पल्पर रोज संध्याकाळी उघडून धुवावा लागतो आणि त्यात दोन तास जातात, हे मी धरले नव्हते. दुसऱ्या दिवशी दुपारी वीज गेली. तिसऱ्या दिवशी ३.१ किलोचे डबे संपले आणि ८५० ग्रॅमचे डबे वापरावे लागले. तेवढाच रस भरायला साडेतीन पटींहून अधिक डबे लागतात आणि प्रत्येक डब्याचे झाकण त्याच एका सीमिंग मशीनवर बंद व्हायचे असते. चौथ्या दिवशी गावाकडची एसटी उशिरा आली आणि बायका अकराला पोहोचल्या. काम सहाव्या दिवशी संपले. तोवर दोन टनांच्या आसपास आंबा उतरला होता, आणि तो मागच्या आवारात खड्डा काढून पुरावा लागला. त्या खड्ड्याच्या काठावर मी उभी होते. आंबलेल्या हापूसचा तो वास, त्यावर घोंघावणाऱ्या माश्या, आणि वर्षभर झाड राखलेल्या माणसाने आपला माल कुठे चालला आहे हे मान वळवून पाहणे, हे मी आजही विसरलेले नाही. मालक मला रागावले नाहीत. त्यामुळे ते अधिक लागले.

त्या रात्री मी शंभर पानी वही आणली आणि तिच्यात दोन रकाने आखले : अंदाज आणि प्रत्यक्ष. क्रेट उतरवण्यापासून डब्यावर लेबल लागेपर्यंत प्रत्येक कामाचा आधी अंदाज लिहायचा आणि नंतर घड्याळ पाहून प्रत्यक्ष लागलेला वेळ. तीन हंगाम मी ही वही चालवली. माझा अंदाज जवळजवळ नेहमी कमी पडत होता, आणि प्रत्यक्ष वेळ बहुधा त्याच्या दीडपटीच्या आसपास येत होता. चौथ्या हंगामापासून मी अंदाजाची दीडपट करून वेळापत्रक लावू लागले. त्यानंतर मी असेपर्यंत आवारात खड्डा काढावा लागला नाही.

हे मी काही नवे शोधले नव्हते. रत्नागिरीच्या जिल्हा नगर वाचनालयात बसून आणि पुढे इंटरनेटवर जे वाचले, त्यातून कळले की डॅनिएल काहनमन आणि एमॉस ट्वेर्स्की या मानसशास्त्रज्ञांनी १९७९ साली या चुकीला नाव देऊन ठेवले होते. माणूस काम डोळ्यांपुढे आणून अंदाज करतो, आणि डोळ्यांपुढे येते ते सुरळीत चाललेले काम. असेच काम मागच्या वेळी किती दिवसांत झाले होते, हे तो स्वतःला विचारत नाही. पुढे १९९४ साली कॅनडातील रॉजर ब्यूलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी विद्यार्थ्यांना विचारले की तुमचा प्रबंध किती दिवसांत पूर्ण होईल. सरासरी उत्तर ३४ दिवसांचे होते. सगळेच बिनसले तर किती लागतील, याचे उत्तर ४९ दिवसांचे होते. प्रत्यक्षात सरासरी ५५ दिवस लागले. हे वाचताना मला मुकादम मावशी आठवल्या. त्यांनी पल्परची क्षमता पाहिली नव्हती. त्यांना मागचे वर्ष आठवत होते.

आता व्यवसायाविषयी. पहिले व्याख्यान मी आमच्या भागातल्या शिक्षकांपुढे दिले, तेही ठरलेले वक्ते आले नाहीत म्हणून. विषय होता दहावीच्या वर्षाचे नियोजन, आणि माझ्याजवळ सांगण्यासारखी ती वही तेवढी होती. पहिली दोन वर्षे शाल, नारळ आणि प्रवासखर्च मिळत असे. पुढे लोटे-परशुरामच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्याने पर्यवेक्षकांसाठी दोन दिवसांची कार्यशाळा घेण्यास बोलावले आणि मानधन किती हे मलाच विचारले. मी घाबरून फार कमी आकडा सांगितला. तिथूनच पुण्या-मुंबईच्या कंपन्यांकडे जाणे सुरू झाले आणि पहिल्या व्याख्यानापासून सहाव्या वर्षी मी नोकरी सोडली.

दरम्यान पुस्तक निघाले. लोकांना वाटते की लेखिका पुस्तकावर जगते. माझ्या पहिल्या पुस्तकाची आवृत्ती हजार प्रतींची होती, किंमत दीडशे रुपये, मानधन दहा टक्के. म्हणजे एकूण एक प्रतही न उरता विकली गेली तर पंधरा हजार रुपये. ती आवृत्ती संपायला तीन वर्षे लागली. पुस्तकाने घर चालत नाही, पण पुस्तक आमंत्रणे आणते, आणि घर कार्यशाळांवर चालते. वर्षातले साठ-सत्तर दिवस मी बोलते, उरलेले दिवस तयारी, प्रवास, पत्रव्यवहार आणि थकलेल्या मानधनासाठी फोन करण्यात जातात. या क्षेत्रात येऊ पाहणाऱ्या मुलामुलींनी हा हिशोब आधी समजून घ्यावा असे मला मनापासून वाटते, कारण व्यासपीठावरच्या एका तासामागे काय असते हे त्यांना कोणी सांगत नाही.

वेळेच्या नियोजनाच्या या विद्येचा जन्म कारखान्यात झाला. फ्रेडरिक टेलर यांनी हातात स्टॉपवॉच घेऊन कामगाराची एकेक हालचाल मोजली आणि १९११ साली त्यावर ग्रंथ लिहिला. नंतर ती कचेरीत आली, आणि तिथे साहेबाचा दिवस साहेबाच्या हातात असतो हे तिने गृहीत धरले. तातडीचे आणि महत्त्वाचे अशा चार चौकोनांत कामे वाटण्याची जी पद्धत आयझेनहॉवर यांच्या नावावर सर्वत्र शिकवली जाते, तीही मीच अनेक वर्षे शिकवली. एकदा लांज्याजवळच्या एका बचत गटापुढे मी ते चौकोन फळ्यावर काढले. फणसपोळी आणि कोकम आगळ करणाऱ्या त्या बायकांनी ते शांतपणे पाहिले, आणि एक जण म्हणाली, “ताई, नळाला पाणी सहाला येतं नि सातला जातं. ते कुठल्या चौकोनात घालू?” मी खडू खाली ठेवला. तिचा दिवस नळाने, एसटीने, शाळेच्या घंटेने, सासूबाईंच्या औषधाने आधीच बांधलेला होता, आणि मी तिला जणू कोऱ्या कागदावर दिवस आखायला सांगत होते.

त्या दिवसापासून माझी मांडणी बदलली. आता मी प्रथम भरतीच्या वेळा लिहून घेते, म्हणजे ज्या वेळा आपण ठरवत नाही, बाहेरून ठरून येतात त्या. त्यांच्याशी वाद घालायचा नाही, फक्त त्या खऱ्या लिहायच्या. त्यांच्यामध्ये जो वेळ उरतो, तो बहुतेकांना वाटतो त्याहून पुष्कळ कमी निघतो, आणि त्यात कोणते काम मावेल हे मागच्या खेपेच्या अनुभवावरून ठरवायचे. त्या गटाने दुसऱ्याच आठवड्यात नोंदी पाठवल्या. फणसपोळीची एक खेप तीन तासांची आहे असे सगळ्या धरून चालल्या होत्या. गरे सोलण्यापासून ताटात रस पसरेपर्यंत पाच तास लागत होते, आणि वाळवणाला ऊन किती दिवस मिळेल ते वेगळेच. त्यांनी त्या वर्षी मागण्या कमी घेतल्या. दर थोडा वाढवला. एकीला रात्री दोनपर्यंत जागायची सवय झाली होती, ती सुटली.

कंपन्यांमध्ये हीच गोष्ट सांगायला अधिक कष्ट पडतात, कारण तिथे मला बोलावतात ते माणसांनी तेवढ्याच वेळात जास्त काम करावे म्हणून. तिथे मी कोकण रेल्वेचे उदाहरण देते. दरवर्षी पावसाळ्यासाठी या मार्गाचे वेगळे वेळापत्रक लागते, गाड्यांचा वेग मुद्दाम कमी ठेवला जातो, आणि मुसळधार पावसात पुढचे दिसेनासे झाले तर ताशी ४० किलोमीटरच्या वर जायचे नाही अशी चालकांना सूचना असते. दरड, पाणी, बहुतांश एकेरी मार्गावरचे क्रॉसिंग, हे सगळे ठाऊक असून उन्हाळ्याचेच वेळापत्रक छापले असते तर प्रत्येक गाडी रोज उशिराने धावली असती, आणि दोष मात्र चालकाला मिळाला असता. मग मी समोरच्या व्यवस्थापकांना विचारते की तुमच्या विभागाचे पावसाळी वेळापत्रक कुठे आहे? मार्चअखेरचे, दिवाळीचे, दोन माणसे रजेवर असतानाचे? बहुतेक ठिकाणी ते नसते, वर्षभर उन्हाळाच धरलेला असतो. काही कंपन्यांनी मला त्यानंतर पुन्हा बोलावले नाही. काहींनी ते वेळापत्रक खरोखर केले, आणि त्यांच्याकडे मी दरवर्षी जाते.

मुख्याध्यापकांनी निघताना आणखी एक विचारले होते : तुम्ही स्वतः हे पाळता का? पाळते, कारण वही अजून चालू आहे. ही आता अकरावी. या लेखासाठी मी दोन सकाळी धरल्या होत्या आणि आज तिसरी सकाळ आहे, तशी नोंद केली आहे. मे महिन्याचा उत्तरार्ध मी व्याख्यानांना देत नाही, याचे अनेकांना आश्चर्य वाटते आणि काहींना रागही येतो. त्या दिवसांत मी ओळखीच्या दोन-तीन कॅनिंगच्या शेडमध्ये सकाळी जाऊन बसते. कापणाऱ्या बायकांशेजारी स्टूल घेते, क्रेट उतरायला लागली की वेळ लिहिते, आणि वेळापत्रक करणारा नवा मुलगा किंवा मुलगी कागद घेऊन आली की आधी मुकादम मावशींना विचारायला पाठवते.