केबल तेवढीच, शिक्षा येगळी

परवा काकासोबत तालुक्याच्या कोर्टात गेलो होतो, विहिरीवरून त्याची मोटारची केबल चोरीले गेली होती त्याची साक्ष होती. नंबर काही लागेना म्हणून बाहेर टपरीवर चहा घेत बसलो तर तिथं एकजण सांगे, आमच्या गावच्या केबलचोराले सहा महिने झाले, अन् दुसरा म्हणे आमच्यावाल्याले जेलात काढले तेवढ्याच दिवसांवर सोडलं. काका म्हणे, "काहून बे, चोरी तं सारखीच ना?"

आता जुन्या आयपीसीचं, म्हणजे भारतीय दंड संहितेचं, चोरीचं कलम ३७९ पाहा, तीन वर्षांपर्यंत कैद, नाहीतर दंड, नाहीतर दोन्ही. वरचा आकडा दिला, खालचा नाही, मधातलं सगळं जजसाहेबावर. आपल्याकडे कोणाले किती शिक्षा द्यावी याचं ठरलेलं माप नाही, फौजदारी न्यायात सुधारणा सुचवाले सरकारनं नेमलेल्या मळीमठ समितीनं २००३ मधे ते बनवा म्हणून सांगितलं होतं, २००८ मधे तशाच माधव मेनन समितीनंही, अन् २०२४ मधे सुप्रीम कोर्टानंही सरकारले विचार करा म्हटलं.

इंग्लंडात २०१० पासून यासाठी सेंटेन्सिंग कौन्सिल, म्हणजे शिक्षेचं माप ठरवणारं मंडळ आहे. ते आधी त्या मापाचा मसुदा काढते, लोकांचं अन् वकिलांचं म्हणणं मागवते, मंग पक्का करते. जज पाहते की दोष किती, नुकसान किती, त्यावरून सुरुवातीचा आकडा, मंग जुने गुन्हे असले तं वाढवा, पस्तावा दिसला तं कमी करा, अन् पहिल्याच झटक्यात गुन्हा कबूल केला तं एक तृतीयांशापर्यंत सूट. यातून बाहेर जाता येते, पण न्यायासाठी तसं करणं गरजेचं वाटलं तरच. अमेरिकेनं तर शिक्षेचा मोठ्ठा तक्ताच केला होता, पण जज त्यात लयच बांधल्या गेले, शेवटी २००५ मधे तिथल्या सुप्रीम कोर्टानं तो फक्त सल्ला म्हणून ठेवला. मले तक्ता नको वाटते, गरिबी काही रकान्यात बसत नाही. पण पायऱ्या पाहिजेत. शिक्षेआधी आरोपीचं ऐकून घ्या असं आपला कायदाही म्हणते, पण त्या दिवशी एका केसमधे पाहिलं तं वकील उठला, "साहेब, गरीब आहे, घरी म्हातारी माय आहे," अन् बसला. झालं!

आयपीसीच्या जागी आलेल्या नव्या बीएनएसमधे, म्हणजे भारतीय न्याय संहितेत, एक गोष्ट आली, माल पाच हजाराच्या आतला, चोर पहिल्यांदाच दोषी ठरलेला अन् त्यानं माल नाहीतर त्याची किंमत परत केली तं सामुदायिक सेवा. काकाची केबल साडेचार हजाराची, पण केस जुनी, आयपीसीतली. त्याले हे सांगितलं तं म्हणे, "मंग पाठवा ना माह्या वावरात पऱ्हाट्या उपटाले."